अंधाराचीं गाणीं आणि आपलीं मुलें

गेल्या स्नेहसंमेलनाची कार्यक्रमपत्रिका ठरत असतां एक लहानसा वाद उपस्थित झाला. दहावीच्या एका विद्यार्थिनीनें कवि ग्रेस यांचें, हृदयनाथ मंगेशकर यांनीं स्वरबद्ध केलेलें एक गीत म्हणावयाचें ठरविलें होतें. त्यास कांहीं पालकांनीं हरकत घेतली. गीतांत अश्लील असें कांहीं नाहीं हें त्यांसही मान्य होतें. त्यांचें म्हणणें एवढेंच कीं, तें गाणें उदास आहे, त्यांत भीति आहे, सांजवेळ आहे, आणि मुलांच्या आनंदाच्या दिवशीं असला सूर नको. अखेरीस मुलीनें दुसरें गाणें म्हटलें, टाळ्या झाल्या, आणि वाद मिटला. हरकत घेणारे सर्वजण आमच्या परिचयाचे व मुलांची मनापासून काळजी वाहणारे आहेत. म्हणूनच त्यांच्या मताचा विचार या पानांवर मोकळेपणानें व्हावा असें आम्हांस वाटतें. आमचें मत त्यांच्या उलट आहे, हें आरंभींच सांगून टाकतों.

ज्यांस या कवीची ओळख नाहीं त्यांच्यासाठीं दोन शब्द. ग्रेस हें टोपणनांव. मूळ नांव माणिक सीताराम गोडघाटे. जन्म १९३७ चा, कर्मभूमि नागपूर, व्यवसाय आमच्यासारखाच, मराठी शिकविण्याचा. मात्र ते महाविद्यालयांत शिकवीत. 'संध्याकाळच्या कविता' हा त्यांचा पहिला संग्रह १९६७ सालीं निघाला. त्यामागून 'राजपुत्र आणि डार्लिंग' व 'चंद्रमाधवीचे प्रदेश' हे आले. 'वाऱ्याने हलते रान' या ललितलेखांच्या पुस्तकास २०११ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, आणि थोड्याच दिवसांनीं, २६ मार्च २०१२ रोजीं, कर्करोगाच्या दुखण्यानें पुण्यांत त्यांचें देहावसान झालें.

हें नांव त्यांनीं कसें घेतलें याची हकीकत आमच्या वाचकांस विशेष गोड वाटेल. १९५८ सालीं 'द इन ऑफ द सिक्स्थ हॅपिनेस' हा इंग्रजी चित्रपट निघाला. ग्लॅडिस एलवर्ड नांवाची एक गरीब इंग्रज मोलकरीण पैसा पैसा जमवून सुवार्तेच्या कार्यासाठीं चीन देशांत गेली, आणि युद्धाच्या धामधुमींत शंभराच्या आसपास पोरक्या मुलांस डोंगर ओलांडून सुरक्षित ठिकाणीं घेऊन आली. तिच्या चरित्रावर तो चित्रपट बेतलेला होता. इंग्रिड बर्गमन या नटीनें तिची भूमिका केली होती. त्यांत नायिकेविषयीं उच्चारलेला 'ग्रेस' हा शब्द नागपूरच्या या तरुणाच्या मनांत जो रुतला तो कायमचा. ज्यासाठीं आपल्या मराठी शास्त्रांत 'कृपा' असा शब्द योजिला आहे तोच हा शब्द. पुढें १९७४ सालीं त्यांनीं आपल्या एका पुस्तकास 'चर्चबेल' असें नांव दिलें. ग्रेस हे ख्रिस्ती नव्हते, आणि ओढूनताणून त्यांस आपल्या मंडळींत बसविण्याची आमची इच्छा नाहीं. परंतु आपल्या उपासनामंदिराच्या घंटेचा नाद बाहेरून ऐकणाऱ्या एका माणसाच्या मनावर कसा उमटला, हें पाहण्याचें कुतूहल आपणांस असावयास काय हरकत आहे?

ग्रेस यांची कविता दुर्बोध असा लौकिक आहे, आणि तो अगदींच खोटा नाहीं. त्यांच्या ओळींतील प्रतिमा एकमेकींचा हात धरून सरळ रांगेंत चालत नाहींत. परीक्षेच्या कागदावर त्यांच्या कवितेखालीं 'भावार्थ लिहा' असा प्रश्न घालणें म्हणजे मुठेचें पाणी शेरानें मोजावयास बसणें होय. असें असूनही, ज्या घरांत कवितेचें पुस्तक औषधालाही सांपडावयाचें नाहीं त्या घरांतही त्यांच्या ओळी गुणगुणल्या जातात. हा चमत्कार ध्वनिमुद्रणानें केला. १९८९ च्या 'निवडुंग' या चित्रपटांत ग्रेस यांच्या कविता हृदयनाथांनीं स्वरबद्ध केल्या आणि स्वतः गायिल्या. 'महाश्वेता' या दूरदर्शनमालिकेचें शीर्षकगीतही त्याच दोघांचें, आणि आवाज लताबाईंचा. स्वैंपाकघरांत भाकरी थापतां थापतां, एकाही समीक्षकाची मदत न घेतां, महाराष्ट्रांतील बायाबापड्यांनीं ती 'दुर्बोध' कविता दररोज ऐकली. तिचा अर्थ त्यांना कळला काय, असें कोणी विचारील. आमचें उत्तर असें कीं, कळावयाचें तेवढें कळलें. एरव्हीं इतक्या वर्षांनंतर तें गाणें लागतांच घरांतली मंडळी बोलणें थांबवितात, तें कशामुळें?

येथें संगीतकाराच्या कर्तबगारीविषयीं थोडें विस्तारानें लिहिलें पाहिजे. हृदयनाथही १९३७ सालचेच. इंदूरचे उस्ताद अमीर खां यांजजवळ त्यांनीं गायनाचें शिक्षण घेतलें. अमीर खां यांची गायकी ज्यानें ऐकली असेल त्यास ठाऊक आहे कीं, तेथें घाई म्हणून नाहीं. स्वर जणुं अंधारांत चाचपडत एकेक पायरी उतरतो. तीच शिस्त हृदयनाथांनीं तीन-चार मिनिटांच्या भावगीतांत आणिली. शब्दाशब्दांमध्यें ते मोकळी जागा ठेवतात. कवितेचीं सर्व कडवीं घेण्याचा हव्यास धरीत नाहींत. मोठा वाद्यमेळ घालून दुःखास शोभा आणण्याचा जो प्रकार चित्रपटसंगीतांत सर्रास चालतो तोही ते बहुधा टाळतात. आरती प्रभु या नांवानें कविता लिहिणारे कोंकणचे चिंतामण त्र्यंबक खानोलकर यांच्या कवितेसही त्यांनीं असाच न्याय दिला. खानोलकरांची 'रात्र काळी घागर काळी' ही कादंबरी मोठ्या विद्यार्थ्यांनीं कधींतरी अवश्य वाचावी. मात्र रात्रीं नको, एवढें सुचवून ठेवतों.

'निवडुंग' मधील एका गाण्यांत सांगण्यासारखी घटना एवढीच कीं, कोणी एक स्त्री निघून गेली आणि त्या वेळीं पाऊस पडत होता. ती कोण, कोठें गेली, परत येणार कीं नाहीं, याचा खुलासा कवि करीत नाहीं. हाच त्या कवितेचा दोष असें कित्येक म्हणतात. आम्हांस तो तिचा मोठाच गुण वाटतो. कारण ती रिकामी जागा प्रत्येक ऐकणारा आपापल्या माणसानें भरतो. कांहीं वर्षांमागें आमच्या वर्गांतील एका मुलाची आई पावसाळ्यांत वारली. मुलगा अबोल झाला. शिक्षकांनीं, शेजाऱ्यांनीं, मंडळीच्या पाळकांनीं त्याची समजूत घातली. तो मान हलवी आणि गप्प बसे. पुढें सहामाहीच्या परीक्षेंत 'माझें आवडतें गाणें' या विषयावर त्यानें निबंध लिहिला तो याच गाण्यावर. त्यांत आईचा उल्लेख एकदांच होता. परंतु चार महिन्यांत आपल्या दुःखाविषयीं त्यानें उच्चारलेला तो पहिला शब्द होता. आम्हां शहाण्या माणसांच्या सांत्वनानें जें झालें नाहीं तें त्या उदास गाण्यानें केलें. आतां त्या मुलास जर कोणी सांगितलें असतें कीं, असलीं गाणीं ऐकूं नकोस, आनंदी गाणीं ऐक, तर त्याच्यावर उपकार झाला असता कीं अन्याय?

आमचे पालकबंधु म्हणतात, बालपण आनंदाचें असावें. असावें, हें कबूल. परंतु मुलांच्या घरीं मरण येत नाहीं काय? दारूचें व्यसन, कर्ज, आईबापांची भांडणें, परीक्षेंतील अपयश, यांचा वारा मुलांस लागतच नाहीं काय? तो लागतो, फक्त त्याविषयीं बोलावयास त्यांजवळ शब्द नसतात. ते शब्द त्यांना कवीकडून मिळतात. ज्या घरांत केवळ आनंदी गाणीं चालतात त्या घरांतील मूल दुःखी नसतें असें नव्हे. तें आपलें दुःख लपवावयास शिकतें.

आणि हें आम्ही पदरचें सांगत नाहीं. ज्या पुस्तकापुढें आपण सर्व मस्तक नमवितों त्यांत 'विलापगीत' या नांवाचा एक स्वतंत्र ग्रंथच आहे, पांच अध्यायांचा, आणि तो आरंभापासून उद्ध्वस्त नगरीसाठीं रडतो. ईयोब आपल्या जन्मदिवसास शाप देतो, आणि त्यास गोडगोड उपदेश करावयास आलेल्या त्याच्या मित्रांवरच शेवटीं देवाचा कोप होतो. स्तोत्रसंहितेंतील ८८ वें स्तोत्र आपल्या उपासनेंत क्वचितच वाचलें जातें, परंतु तें उघडून पाहावें. इतर शोकस्तोत्रें बहुधा शेवटीं आशेकडे वळतात. हें वळत नाहीं, अंधारांतच थांबतें. ज्या वृद्धांनीं शास्त्राचीं पुस्तकें एकत्र केलीं त्यांनीं तें गाळलें नाहीं, आणि त्याखालीं धीराचें एखादें कडवें जोडण्याचा मोहही त्यांस झाला नाहीं. खुद्द प्रभूनें वधस्तंभावर असतां जे शब्द उच्चारले ते २२ व्या स्तोत्राच्या आरंभींचे, टाकलेल्या माणसाच्या आक्रोशाचे. ज्या धर्मांत उत्तम शुक्रवार पाळला जातो त्या धर्माच्या शाळेंत उदास गाण्याची भीति बाळगावी, हें आम्हांस चमत्कारिक वाटतें.

मराठी ख्रिस्ती वाङ्मयाची परंपरा तरी काय सांगते? रेव्हरंड नारायण वामन टिळक यांची 'केवढें हें क्रौर्य' ही कविता आपल्यांतील कित्येकांच्या आजोबा-आजींनीं शाळेंत पाठ केली आहे. घायाळ झालेल्या एका पक्षिणीचें मरण, एवढाच तिचा विषय. ती मुलांच्या क्रमिक पुस्तकांत घालतांना कोणी म्हटलें नाहीं कीं, मुलें उदास होतील. मुलें रडलीं, आणि त्यांतील कित्येकांनीं हातांतली गलोल टाकून दिली असेल. टिळकांच्याच घरीं कांहीं काळ राहिलेले बालकवि ठोंबरे आनंदाचे आणि निसर्गाचे कवि म्हणून आपण मुलांस शिकवितों. त्याच लेखणींतून उतरलेल्या काळवंडलेल्या, उदासीन कविता मात्र आपण मुलांस दाखवीत नाहीं. १९१८ सालीं वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षीं आगगाडीखालीं सांपडून ते गेले. त्यांचें अर्धेंच मन मुलांस दाखवावें, असें कां?

आपण ज्या गांवांत राहतों त्याचाच विचार करा. रविवारीं संध्याकाळीं खडकवासल्याच्या पाण्याकांठीं शहरांतील मंडळी येतात, भाजलेलें मक्याचें कणीस आणि कांदाभजीं खातात, पलीकडे सिंहगडावर ऊन उतरतांना पाहतात आणि परत जातात. त्यांच्या दृष्टीनें हें आनंदाचें ठिकाण. परंतु १२ जुलै १९६१ या दिवशीं पानशेतचें नवें धरण फुटलें, त्याचा लोंढा येथें आला, आणि १८७९ सालीं पुरें झालेलें खडकवासल्याचें जुनें धरणही त्यापुढें टिकलें नाहीं. मुठेनें पुण्याच्या पेठा बुडविल्या. धरण पुन्हां बांधलें गेलें, पाणी पुन्हां निळें झालें. तरी पावसाळ्यांत दरवाजे उघडल्याची बातमी आली कीं, नदीकांठचीं वृद्ध माणसें अजून एकदां बाहेर येऊन पाण्याकडे पाहून जातात. तें पाहणें आनंदाचें नसतें, पण खोटेंही नसतें. ग्रेस यांच्या संध्याकाळचा अर्थ विचारणाऱ्या विद्यार्थ्यास आम्ही कधींकधीं एवढेंच सांगतों कीं, दिवेलागणीस धरणाच्या कांठीं जाऊन पांच मिनिटें उभा राहा, आणि मग ती कविता वाच.

असला अंधार केवळ आपल्याच मुलुखांतील गाण्यांत आहे असेंही नाहीं. पृथ्वीच्या पाठीवर आपल्या पलीकडच्या अंगास मेक्सिको नांवाचा देश आहे. तेथील बहुतेक लोक रोमन कॅथोलिक. दोन नोव्हेंबर रोजीं, म्हणजे सर्व मृतांच्या स्मरणदिनीं, तेथें कुटुंबेंच्या कुटुंबें कबरस्तानांत जमतात आणि कबरी झेंडूच्या फुलांनीं सजवितात. (दसऱ्यास आपण दारावर बांधतों तो झेंडू मूळचा त्याच देशाचा.) त्या देशाच्या राजधानींत १९८० च्या दशकाच्या अखेरीस 'सांता साबिना' या नांवाचा एक रॉक वाद्यवृंद उभा राहिला. मारिया साबिना या आदिवासी वैदूबाईवरून तें नांव घेतलेलें. रंगभूमीवरून आलेली रीता गेरेरो ही त्यांची गायिका, आणि अद्रियाना दियास एन्सिसो या कवयित्रीनें त्यांचीं बरींच गीतें लिहिलीं. १९९२ पासून २००३ पर्यंत त्यांच्या ध्वनिमुद्रिका निघत राहिल्या. एकीचें नांव 'सिंबोलोस', दुसरीचें 'बाबेल', म्हणजे उत्पत्तीच्या अकराव्या अध्यायांतील तोच बुरूज. स्वप्न, रात्र, मरण, रक्त, एकाकीपण, हे त्यांचे विषय. गिटार विजेची, ढोल मोठा, आणि त्यावर रीताचा एखाद्या रिकाम्या प्रार्थनामंदिरांत घुमावा तसा आवाज. आमच्या वयाच्या माणसास तो गलका सोसतांना थोडा वेळ लागतो, हें खरें. स्पॅनिश भाषाही आम्हांस येत नाहीं. परंतु कवयित्रीनें शब्द द्यावे आणि संगीतकारांनीं ते अंधारासह जसेच्या तसे उचलावे, हा जो ग्रेस आणि हृदयनाथ यांच्यांतील व्यवहार, तोच तेथेंही दिसतो.

त्या रीता गेरेरोचें पुढें काय झालें, हें 'असल्या गाण्यांनीं मुलें बिघडतात' असें म्हणणाऱ्यांनीं ऐकण्यासारखें आहे. सोर हुआना ही सतराव्या शतकांतील कवयित्री जोगीण ज्या मठांत राहिली त्याच जागीं आतां एक विद्यापीठ आहे. तेथील गायनवृंदाचें संचालन तिनें पत्करलें आणि मेक्सिकोंतील जुनें प्रार्थनासंगीत ती तरुण मुलांकडून गाऊन घेऊं लागली. काळ्या पोषाखांत रात्रीचीं गाणीं म्हणणारी तीच ही बाई. ११ मार्च २०११ रोजीं तीही कर्करोगानेंच गेली, ग्रेस यांच्या अगोदर एक वर्ष.

आतां दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहींतर पालकांवर अन्याय होईल. काळा सदरा, त्यावर कवटीचें चित्र, आणि तोंडीं मरणाची भाषा, एवढ्यानें गाणें खोल होत नाहीं. बाजारांत असला माल पुष्कळ आहे. दुःख हा तेथें अलंकार असतो. गाणाऱ्यास कोणाचेंही दुःख झालेलें नसतें, आणि ऐकणाऱ्यास आपण इतरांहून निराळे आहों एवढाच अभिमान त्यांतून मिळतो. खरें आणि खोटें ओळखावें कसें, असें विद्यार्थिमित्रांनो, तुम्ही विचाराल. आम्ही वापरतों ती एक साधी कसोटी अशी: गाणें संपल्यावर तुम्हांस आपल्या शेजाऱ्याचा चेहरा अधिक स्पष्ट दिसूं लागला कीं अधिक अंधुक? 'निवडुंग' मधील तें पावसाचें गाणें ऐकून कोणाची तरी आठवण होते, कोणास तरी पत्र लिहावेंसें वाटतें. ज्या गाण्यानंतर फक्त दार लावून बसावेंसें वाटतें त्याविषयीं थोडें सावध असावें.

आणि पालकहो, तुमचें मूल एकच उदास गाणें पुन्हां पुन्हां, दिवसचे दिवस ऐकत असेल, जेवणावरची वासना उडाली असेल, मित्रांशीं बोलणें तुटलें असेल, तर तें गाण्याचें काम नव्हे, तुमचें काम आहे. भ्रमणध्वनि काढून घेतल्यानें दुखणें जात नाहीं. फक्त तें कळण्याची वाट बंद होते. त्याऐवजीं त्याच्याजवळ बसून तेंच गाणें त्याच्याबरोबर ऐकावें. "हें काय रडगाणें लाविलेंस?" असें न म्हणतां, "यांतली कोणती ओळ तुला आवडली?" असें विचारावें. उत्तर कदाचित् त्या दिवशीं मिळणार नाहीं. दुसऱ्या दिवशीं पुन्हां बसावें. गरज दिसल्यास शिक्षकांस, पाळकांस, वैद्यांस भेटावें. त्यांत लाज वाटण्यासारखें कांहीं नाहीं.

शाळेपुरतें बोलावयाचें तर, येत्या श्रावणांत दर शनिवारीं शेवटच्या तासानंतर वाचनालयांत हीं गाणीं लावावयाचीं, असें मुख्याध्यापकांच्या संमतीनें ठरलें आहे. पहिल्या शनिवारीं ग्रेस यांचीं 'निवडुंग' मधील गीतें, दुसऱ्या शनिवारीं आरती प्रभु, तिसऱ्या शनिवारीं टिळकांचीं भजनें आणि त्यांच्याच सोबत ८८ व्या स्तोत्राचें वाचन, चौथ्या शनिवारीं सांता साबिना. वर्ग आठवी ते दहावी. प्रश्न विचारले जाणार नाहींत, गुण दिले जाणार नाहींत, आणि भावार्थ लिहून घेतला जाणार नाहीं. पालकांस, विशेषतः ज्यांचें मत आमच्याहून निराळें आहे त्यांस, अगत्याचें निमंत्रण आहे. बसावयास बांके आहेत. फक्त शाळेचा ध्वनिक्षेपक जुना असल्यामुळें थोडी खरखर सोसावी लागेल, आणि पाऊस जोराचा असला तर पत्र्याखालीं दुसऱ्या कडव्यापासून पुढें कांहीं ऐकूं येत नाहीं, म्हणून पुढच्या बांकावर बसावें.